झोई नावाच्या बायका

(दृश्य: इस्तंबूल. पूर्वी चर्च असलेल्या हागिया सोफियाचा दक्षिणेकडचा सज्जा.)

भिंतीवर सोनेरी काचतुकड्यांचं मोझेइक आहे. मध्ये येशू ख्रिस्त, एका बाजूला पैशांची थैली घेतलेला सम्राट, दुसऱ्या बाजूला सम्राज्ञी. सम्राटाच्या चेहऱ्याकडे नीट पाहा. तो नंतर बसवलेला आहे. डोक्यावरचं नावही खरवडून पुन्हा घातलंय. आता तिथे कॉन्स्टंटाईन मोनोमाखोस असं लिहिलेलं दिसतं. तो या बाईचा तिसरा नवरा. आधी तिथे पहिला नवरा असावा, असं बहुतेक अभ्यासकांना वाटतं.

बाईचं नाव झोई. ग्रीक भाषेत झोई म्हणजे जीवन.

ही झोई जन्मली साधारण ९७८ साली, कॉन्स्टँटिनोपलच्या, म्हणजे आजच्या इस्तंबूलच्या, राजवाड्यातल्या जांभळ्या दगडाच्या दालनात. तिथे जन्मणाऱ्या राजकन्यांना 'पोर्फिरोजेनिता' म्हणत. १००२ मध्ये जर्मन सम्राट तिसऱ्या ओटोशी लग्न करायला एक बायझंटाईन (पूर्व रोमन) राजकन्या जहाजाने इटलीतल्या बारीला पोचली. बहुधा ती झोईच. उतरते तर काय, ओटो जानेवारीतच वारलेला. आल्या पावली परत! त्यानंतर लग्न थेट १०२८ मध्ये, म्हणजे पन्नाशीला. नवरा रोमानोस. त्याला या लग्नासाठी पहिली बायको सोडावी लागली. १०३४ मध्ये तो हमामात मेलेला सापडला आणि त्याच दिवशी झोईने मायकेल नावाच्या तरण्याबांड माणसाशी लग्न लावलं. कुजबुज झाली नसती तरच नवल.

तिच्याबद्दल आपल्याला इतकं कळतं ते मायकेल प्सेलॉस या दरबारी इतिहासकारामुळे. तो सांगतो, झोईला सूत-माग यांत काडीचा रस नव्हता. तिच्या महालात शेगड्या पेटलेल्या असत, दासी अत्तरं आणि सुगंधी लेप बनवत असत. म्हातारपणीही तिच्या चेहऱ्यावर सुरकुती नव्हती म्हणे. प्सेलॉस यावर नाक मुरडतो. मला मात्र वाटतं, सिंहासनापर्यंतचा रस्ता नवऱ्यांमधूनच जातो हे कळलेल्या बाईने स्वतःसाठी एवढी एक प्रयोगशाळा ठेवली, तर बिघडलं कुठे?

१०४२ च्या एप्रिलमध्ये तिच्याच दत्तकपुत्राने, दुसऱ्या नवऱ्यानंतर गादीवर आलेल्या पाचव्या मायकेलने, तिचे केस कापून, तिला जोगीण करून प्रिन्किपो बेटावर धाडलं. शहर पेटलं. कधी उंबरा न ओलांडणाऱ्या बायकाही रस्त्यावर उतरल्या. मायकेलचे डोळे काढले गेले. झोई परतली आणि बहीण थिओडोरासोबत तिने थोडे दिवस राज्यही केलं. मग तिसरं लग्न, मोझेइकमधल्या मोनोमाखोसशी. तो नवरा आपल्या ठेवलेल्या बाईला उघडपणे राजवाड्यात घेऊन आला. झोई वारली १०५० मध्ये.

(दृश्य: अलेक्झांड्रिया. समुद्र, मग जुन्या हस्तलिखिताचं पान.)

नाव मात्र तिच्याहून फार जुनं. ख्रिस्तपूर्व तिसऱ्या शतकात अलेक्झांड्रियातले ज्यू विद्वान आपले हिब्रू धर्मग्रंथ ग्रीकमध्ये आणत होते. आदामने बायकोचं नाव 'हव्वा' ठेवलं, कारण ती सर्व जिवंतांची आई, हे वाक्य आलं आणि ते अडले. हिब्रूत हव्वा हे नाव जीवनाच्या शब्दाशी जुळतं, पण नाव तसंच ठेवलं तर 'कारण' ग्रीक वाचकाला कळणार नाही. म्हणून त्यांनी तिथे लिहिलं: झोई. पुढच्याच अध्यायात तीच बाई पुन्हा 'एवा' झाली! म्हणजे जगातली पहिली झोई एका वाक्यापुरतीच.

ख्रिस्ती धर्म पसरला तसं या नावाला नवं वजन आलं. योहानाच्या शुभवर्तमानात अनंतकाळच्या जीवनासाठी हाच शब्द पुन्हापुन्हा येतो. आजच्या तुर्कस्तानातल्या अंताल्या भागातली एक संत झोई तर गुलाम होती. परंपरा सांगते की, मालकाने दिलेलं मूर्तीपुढचं अन्न खायला तिने आणि घरच्यांनी नकार दिला आणि सगळे मारले गेले.

या शब्दाचं आपल्याशीही नातं आहे. ग्रीक झोई आणि संस्कृत जीव एकाच मूळ धातूपासून निघाले, असं भाषाशास्त्र सांगतं. 'होता जिवा म्हणून वाचला शिवा' यातला जिवा महाला आणि बायझंटाईन सम्राज्ञी यांची नावं एकाच कुळातली. प्रेमाने हाक मारायलाही तोच शब्द. १८१० मध्ये अथेन्समध्ये लिहिलेल्या कवितेत बायरनने प्रत्येक कडव्याच्या शेवटी ग्रीक ओळ ठेवली: 'झोई मू, सास अगापो'. माझ्या जिवा, माझं तुझ्यावर प्रेम आहे.

(दृश्य: मॉस्को. क्रेमलिन.)

हे नाव सोडावं लागलेल्या दोघी रशियात भेटतात.

पहिली झोई पालायोलोगिना. तिचा काका शेवटचा बायझंटाईन सम्राट. १४५३ मध्ये कॉन्स्टँटिनोपल पडलं त्यात तो गेला. ती पोपच्या आश्रयाने रोममध्ये वाढली. १४७२ मध्ये मॉस्कोच्या तिसऱ्या इव्हानशी लग्न झालं आणि ती सोफिया झाली. इतिहासात ती याच नावाने राहिली. 'इव्हान द टेरिबल' हा तिचा नातू.

दुसरी झोया कोस्मोदेमियान्स्काया, दुसऱ्या महायुद्धातली सोव्हिएत छापामार, वय १८. नोव्हेंबर १९४१ मध्ये पेत्रिश्चेवो गावात जर्मनांनी पकडलं तेव्हा तिने स्वतःचं नाव सांगितलं 'तान्या'. छळ झाला, फाशी झाली, खरं नाव तिने सांगितलं नाही. जानेवारीत 'प्रावदा' या वृत्तपत्राने तिची हकीकत छापली, तीही 'तान्या' याच नावाने. फेब्रुवारी १९४२ मध्ये तिला 'सोव्हिएत संघाची वीर' हा किताब मिळाला, तेव्हा तो झोयाला मिळाला.

(दृश्य: फ्रान्समधली जुनी कृष्णधवल चित्रफीत.)

फ्रेंचांनी तर १९४८ मध्ये आपल्या पहिल्या अणुभट्टीचं नाव 'झोए' ठेवलं. झेड म्हणजे शून्याच्या जवळची शक्ती, ओ म्हणजे युरेनियम ऑक्साइड, ई म्हणजे जड पाणी, फ्रेंचमध्ये 'ओ लूर्द' (लिहिताना ते ई-नेच सुरू होतं). अद्याक्षरं अशी चपखल जुळली की जुळवली, कोण जाणे.

इंग्रजी मुलखात हे नाव एकोणिसाव्या शतकात रुळायला लागलं आणि १९९० नंतर अमेरिकेत झपाट्याने वाढलं. 'झो' असं कुणी वाचू नये म्हणून काही आईबाप शेवटच्या अक्षरावर दोन टिंबं देतात. तिकडे ते आधुनिक, सुटसुटीत नाव समजलं जातं.

ग्रीसमध्ये मात्र ते आजीचं नाव. नातीला आजीचं नाव देण्याची चाल तिथे अजून आहे, त्यामुळे एका घरात दोन झोई असल्या तर कुणाला विशेष वाटत नाही. १८ डिसेंबरला रोमच्या संत झोईचा दिवस असतो, म्हणून या नावाच्या सगळ्याजणींचा नामदिन. काही घरांत तो ईस्टरनंतरच्या शुक्रवारी, जीवनदायी झऱ्याच्या सणाला करतात. शुभेच्छा द्यायला माणसं येतात, आणि गोडधोड द्यायचं ते झोईनेच.