स्वतंत्रपूर: बिनभिंतीचा तुरुंग

(दृश्य: सकाळ. वाफ्यांत पाणी. वाफ्याचं दार मोडून पाणी वळवणारा माणूस.)

सांगली जिल्ह्याच्या माणदेशातलं आटपाडी. पाणी इथं जपूनच वापरावं लागतं. पुढच्या वाफ्यात पाणी वळवणारा हा माणूस जन्मठेपेची शिक्षा भोगतोय. अंगावर बेडी नाही, आजूबाजूला उंच भिंत नाही. पलीकडच्या सरीत भाजी काढतेय ती त्याची बायको.

या वसाहतीचं नाव स्वतंत्रपूर.

(दृश्य: जुनी छायाचित्रं. औंधचा वाडा.)

सन 1939. औंध संस्थानच्या राजानं, भवानराव पंतप्रतिनिधींनी, त्या वर्षी आपली सत्ता प्रजेच्या हाती सोपवणारी राज्यघटना स्वीकारली. त्यांच्यासोबत होते मॉरिस फ्रिडमन. पोलंडचे इंजिनिअर, पण गांधीजींच्या विचारांनी भारलेले, भारतानंद या नावानं ओळखले जाणारे. या मंडळींनी तुरुंगाबद्दलही वेगळा विचार केला. गुन्हा केलेल्या माणसाला कोंडून ठेवलं, तर सुटल्यावर तो कोण होऊन बाहेर येणार? त्याला जमीन कसायला द्या, त्याचं कुटुंब त्याच्याजवळ राहू द्या, आणि विश्वास टाका. 1948 साली औंध संस्थान विलीन झालं. वसाहत मात्र राहिली.

(दृश्य: घरांची ओळ. चूल. शाळेचं दप्तर.)

इथली दुपार कुठल्याही वस्तीवरच्या दुपारसारखी असते. चुलीवर भाकरी, ओसरीवर दप्तर. कैद्याची मुलं बापाला रोज बघतात. शेतातली भाजी विकायला माणूस बाजारात जातो आणि संध्याकाळी परत येतो. पळून जाण्यासारखं इथं सगळंच आहे. त्याला इथं धरून ठेवतो तो टाकलेला विश्वास.

राज्यात खुली कारागृहं आणखी आहेत: पैठण, मोर्शी, येरवडा. तिथं चांगल्या वर्तणुकीच्या कैद्यांना मोकळ्यावर शेतीकाम मिळतं, पण बायकामुलं सोबत नसतात. बंद कारागृहांच्या कारखान्यांत सुतारकाम चालतं, माग चालतात. त्या मजुरीचा हक्क सर्वोच्च न्यायालयानं 1998 साली स्पष्ट केला: सक्तमजुरीच्या कैद्यालाही कामाचा रास्त मोबदला मिळालाच पाहिजे. आणि 2022 साली येरवड्यापासून सुरू झालेल्या राज्य सहकारी बँकेच्या 'जिव्हाळा' योजनेत तर शिक्षा भोगत असलेल्या कैद्याला त्याच्या मजुरीच्या भरवशावर 50 हजारांपर्यंत कर्ज मिळतं. ते पैसे घरी जातात. मुलीच्या शिक्षणाला, आईच्या दवाखान्याला. म्हणजे बँकेला हा माणूस कर्जाला पात्र वाटतो.

(दृश्य: हात. खुरपं. बैलाच्या पाठीवर थाप.)

हे हात बघा. ओल किती खोल गेलीय, हे माती दाबून सांगणारे. सुटकेनंतर अडचण हुन्नराची नसतेच. गावाकडचे कितीतरी खून बांधाच्या वादातून झालेले. तो बांध अजून तिथंच आहे, आणि मारल्या गेलेल्या माणसाचं घरही. परतायचं कुठं? जमीन नसलेल्यानं शहर गाठलं, तर सुरक्षारक्षकाच्या नोकरीलाही पोलिसांची चारित्र्य पडताळणी आड येते.

स्वतंत्रपुरात जागा आहेत 28.

पंच्याऐंशी वर्षांहून जास्त काळ हा प्रयोग आपल्याच जिल्ह्यात, आपल्याच मातीत चालू आहे. तो परवडतो का, टिकतो का, हे आता सिद्ध करायचं उरलेलं नाही. सरकारकडं शेतजमीन आहे, पाणी आणणाऱ्या योजना आहेत. विदर्भात एक, मराठवाड्यात एक, कोकणात एक, अशा वसाहती काढता येतील. आणि सुटणाऱ्या प्रत्येकाच्या हाती सुटकेच्या कागदासोबत त्यानं केलेल्या कामाचा सरकारी दाखला देता येईल, ठेकेदाराला, गिरणीमालकाला, बागायतदाराला दाखवता येण्यासारखा. यासाठी नवा कायदा लागत नाही. एका शासन निर्णयानं ते होऊ शकतं.