संगम माहुलीचा राजघाट

मंडळी, साताऱ्यात उभं राहून सातारकरांना माहुलीबद्दल सांगायचं म्हणजे जरा धाडसच आहे. तुमच्यापैकी बहुतेकांच्या घरातलं कुणी ना कुणी तिथे शेवटचं गेलंय. शहराची कैलास स्मशानभूमी तिथेच आहे. आज मी बोलणार आहे ते तिच्याच शेजारच्या घाटाबद्दल. छत्रपतींच्या घराण्याची चिता जिथे पेटायची, त्या जागेला जुने लोक राजघाट म्हणतात.

कृष्णा आणि वेण्णा इथे मिळतात. एका काठाला संगम माहुली, पलीकडे क्षेत्र माहुली. श्रीपतराव प्रतिनिधींनी बांधलेलं विश्वेश्वराचं देऊळ साधारण १७३५ सालचं. देवळं बघायला लोक येतात, फोटो काढतात आणि जाताना आजूबाजूच्या चौथऱ्यांवर चपला काढून टेकतात. ते चौथरे म्हणजे समाध्या आहेत, हे त्यांच्या गावीही नसतं. दोष त्यांचा नाही. तिथे नावच कुठे लिहिलंय?

इथली समाधी म्हणजे थडगं नव्हे, हे आधी लक्षात घ्या. आत काहीच नसतं. देह जळला, अस्थी नदीत गेल्या, मागे राहिली ती फक्त जागा. त्या जागेवर जोतं बांधायचं, वर शाळुंका, म्हणजे शिवलिंगाची बैठक, नाहीतर पादुका, कुठे वृंदावन. नाव कोरायची चाल फारशी नव्हती, कारण कोणाची समाधी ते पुजाऱ्याला ठाऊक असे आणि दिवाबत्तीच्या नेमणुकीचा, म्हणजे खर्चाच्या तरतुदीचा, कागद सरकारी दप्तरात असे.

१५ डिसेंबर १७४९ ला थोरले शाहू महाराज, शिवाजी महाराजांचे नातू, गेले. अटकेच्या वाटेवर निघालेल्या राज्याचा हा धनी. त्याची समाधी काय, तर नदीच्या पात्रात एक शिवलिंग. राणी सकवारबाई त्यांच्यामागे सती गेल्या. त्या सती जाण्यामागे दरबारातलं राजकारण किती आणि स्वेच्छा किती, यावर तासभर बोलता येईल. ते आज नको. ताराबाईंची समाधी माहुलीतच. ज्या नातवाला, रामराजाला, त्यांनी गादीवर आणलं आणि पुढे स्वतःच कैदेत टाकलं, त्याच्या काळात, १७६१ च्या डिसेंबरात त्या गेल्या. येसूबाईही इथल्याच. रायगड पडल्यावर १६८९ मध्ये मोगलांच्या हाती लागल्या, त्या सुटून आल्या १७१९ ला. तीस वर्षं! आणि त्यांची समाधी नेमकी कुठली, हे अभ्यासकांना कागद चाळून अगदी अलीकडे ठरवावं लागलं.

आणि शाहू महाराजांचा कुत्रा. शिकारीत वाघापासून त्यानं महाराजांना वाचवलं, अशी कथा आहे. त्याचीही समाधी आहे, वर दगडात कुत्रा कोरलेला. गंमत बघा, राण्यांच्या समाध्या ओळखायला कागद लागले, कुत्र्याची मात्र शेंबडं पोरही दाखवतं.

मग हे असं विस्कटलं का? कारण समाध्या सांभाळणारं घराणं गादीवरून गेलं. १८३९ ला साताऱ्याचे छत्रपती प्रतापसिंह महाराज यांना इंग्रजांनी पदच्युत केलं. त्यांचा देह पडला काशीत. १८४८ ला त्यांच्यामागे गादीवर आलेले भाऊ अप्पासाहेब महाराज गेले आणि गव्हर्नर जनरल डलहौसीनं दत्तक नामंजूर करून राज्य खालसा केलं. ग्वाल्हेरला, इंदूरला संस्थानं १९४७ पर्यंत टिकली, म्हणून तिथल्या छत्र्या, म्हणजे राजघराण्याच्या स्मारकवास्तू, पाहा कशा ताठ उभ्या आहेत. बडोद्यात तर सयाजीरावांनी घराण्याचं स्मारक म्हणून कीर्तिमंदिर बांधलं. माहुलीच्या मागे मात्र शंभर वर्षं दरबारच नव्हता.

आता जतन. मला भीती दुर्लक्षाची कमी आणि उत्साहाची जास्त वाटते. पिंपळाचं रोपटं फट पाडतं, हे खरं. पण ते उपटून त्या फटीत सिमेंट भरणारा माणूस त्याहून नुकसान करतो. चुन्यातलं बांधकाम पाणी पितं आणि पाणी सोडतं. सिमेंट ते आत कोंडून ठेवतं, मग दगडाचे पापुद्रे सुटतात. वर चकचकीत ऑईलपेंट मारला की झालंच. चुना मळायला घाणी लागते, वेळ लागतो, हात लागतात. तेवढी सवड नसेल तर हात लावू नका, नुसतं गवत काढा.

मागच्या खेपेला घाटावर एकानं मला विचारलं, ‘सर, नदीकडून भिंत घातली तर पुराचा प्रश्न सुटेल ना?’ सुटेल कदाचित. पण शाहू महाराजांची समाधी पात्रात बांधली तीच मुळी नदी अंगावरून जावी म्हणून. आज वर धोम धरण आहे, कण्हेर धरण आहे, नदी पूर्वीसारखी वागत नाही, हे कबूल. तरी पाण्यापासून तोडलेली माहुली मला पटत नाही. गाळ दरवर्षी बसणार आणि दरवर्षी हातानं काढावा लागणार. ते काम भिंतीइतकं दिसत नाही, त्याचं उद्घाटनही होत नाही.

तोवर निदान एक करा. उन्हाळ्यात पाणी उतरलं की टेप आणि वही घेऊन जा. एकेक चौथरा मोजा, तोंड कुठल्या दिशेला ते लिहा, वर काय कोरलंय त्याचं चित्र काढा. काठावरच्या म्हाताऱ्यांना विचारा, ही कोणाची म्हणतात. ते सांगतील तसंच टिपून घ्या. चूक-बरोबर नंतर दप्तरातून बघू.