शिक्षेचा आकडा येतो कुठून?

श्रोतेहो, नमस्कार. कोल्हापुरात कसबा बावड्याच्या न्यायसंकुलात एखाद्या दुपारी जाऊन बसा. आरोपी दोषी ठरला की न्यायाधीश विचारतात, "शिक्षेबद्दल काही सांगायचंय?" तो हात जोडतो. "साहेब, आई म्हातारी हाय, पोरं बारकी हायत. पयलीच चूक हाय." आम्ही वकीलही तेच सांगतो, फक्त जरा शुद्ध भाषेत. सरकारी वकील म्हणतात, जरब बसली पाहिजे. झालं. पुष्कळदा पाच मिनिटांत उरकतं.

शिक्षेवरची ही सुनावणी कायद्यानंच सांगितलेली आहे. पण आकडा? चोरीला तीन वर्षांपर्यंत कैद, किंवा दंड, किंवा दोन्ही. पहिलीच चोरी, माल पाच हजारांच्या आतला आणि परत केलेला असेल, तर २०२४ पासून समाजसेवेची शिक्षा आहे. ते सोडलं, तर एका कोर्टात सहा महिने, शेजारच्या कोर्टात दोन वर्षं, आणि दोन्ही कायद्याला धरूनच!

इंग्लंड-वेल्समध्ये २०१० पासून यासाठी स्वतंत्र परिषद आहे. ती मसुदा आधी लोकांपुढे ठेवते, सूचना घेते, मग मार्गदर्शक तत्त्वं पक्की करते. न्यायाधीश आधी बघतात दोष किती आणि नुकसान किती. त्यावरून सुरुवातीचा आकडा ठरतो. जुने गुन्हे असले की तो चढतो, खरा पश्चात्ताप दिसला की उतरतो. सुरुवातीलाच गुन्हा कबूल केला, तर एक-तृतीयांशापर्यंत सूट. चाकोरी मोडायला मुभा आहे, पण का मोडली ते सांगावं लागतं. मला यातलं हे शेवटचंच सगळ्यात मोलाचं वाटतं. अमेरिकेनं १९८७ मध्ये गुन्ह्याच्या गांभीर्याच्या ४३ पायऱ्यांचा तक्ताच लागू केला होता; २००५ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयानं तो सल्ल्यापुरता ठेवला.

आपल्याकडे फौजदारी न्यायव्यवस्था सुधारण्यासाठी नेमलेल्या मळीमठ समितीनं २००३ मध्येच अशी तत्त्वं सुचवली, अजून कायद्यात आलेली नाहीत. फाशीपुरता सर्वोच्च न्यायालयाचा १९८०चा बच्चन सिंग निकाल आहे, फाशी फक्त 'दुर्मिळातील दुर्मिळ' प्रकरणातच, असं सांगणारा. पण रोजच्या मारामाऱ्या, चोऱ्यांना त्याचा काय उपयोग?

ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच कोल्हापुरात आहे, सहा जिल्ह्यांची अपिलं इथंच येतात. अपिलासाठी निकालपत्र हातात आलं की मी आधी शेवटची पानं उघडतो. साक्षीपुराव्यावर चाळीस पानं असतात, आणि सात वर्षांच्या शिक्षेवर एक ओळ: "आरोपीचे वय व गुन्ह्याचे स्वरूप पाहता."