हरिश्चंद्राला कंठ फुटला

(पडद्यावर काळोख. पहाटेच्या रामकुंडाचे फक्त आवाज.)

तांब्या पाण्यात बुडताना आधी बारीक बुडबुडे येतात, मग ‘डुबुक्’. पलीकडे ओलं धोतर दगडावर आपटतंय. वर कपालेश्वराची घंटा. हेडफोन लावला की गोदाकाठ असा सुटा सुटा ऐकू येतो.

मी साउंडवाला. आजवर दुसऱ्यांच्या फिल्मचा आवाज धरला. ही पहिलीच फिल्म माझी. दिग्दर्शन माझं, पैसेही माझेच. ती कुणावर करायची हे कधीचंच ठरलं होतं : प्रभातचे ध्वनिमुद्रक आणि दिग्दर्शक विष्णुपंत दामले.

(त्र्यंबकचा रस्ता. ब्रह्मगिरी.)

नाशिककर विचारतील, आपले फाळके सोडून दामले का? सोडलेले नाहीत. दादासाहेब १८७० साली इथे त्र्यंबकेश्वरात जन्मले. १९१३ साली मुंबईत ‘राजा हरिश्चंद्र’ केला आणि मग सिनेमाचं सगळं बिऱ्हाड नाशिकला आणलं. पण तो हरिश्चंद्र मुका होता. त्याला मराठीत कंठ फुटला १९३२ साली, कोल्हापुरात, प्रभात फिल्म कंपनीच्या ‘अयोध्येचा राजा’मध्ये. दिग्दर्शक व्ही. शांताराम, ध्वनिमुद्रण दामल्यांचं.

दामले मूळचे पेणचे. कोल्हापूरचे चित्रपटकार बाबूराव पेंटर यांच्या हाताखाली तयार झालेले, १९२९ साली प्रभात काढणाऱ्या पाच भागीदारांपैकी एक. म्हणजे पैशाची जोखीमही अंगावर, आणि आवाजाचीही. प्लेबॅक, म्हणजे वेगळं मुद्रित केलेलं गाणं चित्राला जोडणं, नव्हतं. गोविंदराव टेंबे, दुर्गा खोटे कॅमेऱ्यासमोरच गात होते, वाद्यं चौकटीबाहेर. घाटावर हॉर्न वाजून माझा टेक बिघडला तर मी तो तिथल्या तिथे ऐकतो, पुन्हा घेतो. त्या काळी आवाज फिल्मवर उजेडाच्या रेघा होऊन उमटायचा; ती धुऊन आल्याशिवाय परत ऐकायची सोय नव्हती. नुसत्या कानावर केवढी भिस्त!

त्याच १९३२ साली फाळक्यांचा ‘सेतुबंधन’ मूकपट म्हणून पूर्ण झाला. आवाज त्याला मागाहून जोडावा लागला.

(प्रभातचा पुण्यातला स्टुडिओ. जुनी छायाचित्रं.)

१९३६. दामले आणि फत्तेलाल यांचा ‘संत तुकाराम’. पुढच्याच वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला. मला विचाराल तर हा चित्रपट कानांनी दिग्दर्शित केलेला आहे. एकदा डोळे मिटून ऐका. सालोमालो तुकोबांची रचना आपली म्हणून गातो, तेव्हा नुसत्या गळ्यावरून कळतं, शब्द उसने आहेत. तुकोबा झालेले विष्णुपंत पागनीस गातात तेव्हा जणू समोर कुणी ऐकायला बसलेलंच नाही. आणि गौरीने केलेली तुकोबांची बायको! तिच्या करवादण्यात घरातलं रिकामं मडकं वाजतं. हा सूर असाच कर्कश ठेवायचा, हे आवाजाच्या माणसालाच सुचावं, असं मला मनापासून वाटतं.

फाळके १९४४ साली नाशिकमध्ये गेले. दामले त्यानंतरच्या वर्षी.

(पडदा हळूहळू उजळतो. रामकुंड.)

आता चित्र. एक म्हातारी पायरीवर वाकून तांब्या भरते आहे. तिला तुम्ही मघाशीच ऐकलंय.