काळ्या पावाचा तराजू

छायाचित्रात बर्फातून वाकून चालणारी ही रांग दुसऱ्या महायुद्धात सोव्हिएत संघातील स्टालिनग्राड शहरात शरण आलेल्या जर्मन सैनिकांची आहे. 1943 च्या आरंभी तेथे कैद झालेल्या सुमारे 91 हजारांपैकी जेमतेम 6 हजार मायदेशी परतले. युद्ध 1945 मध्ये संपले, पण सोव्हिएत संघाच्या कैदछावण्यांतील लाखो जर्मन कैदी पुढेही वर्षानुवर्षे कोळशाच्या खाणींत, जंगलतोडीवर आणि उद्ध्वस्त शहरांच्या बांधकामांवर राबत राहिले. जर्मनांच्या कैदेत 30 लाखांच्या आसपास सोव्हिएत सैनिक मेले होते, हे ध्यानात ठेवूनच या छावण्यांकडे पाहायला हवे. तरीही उपाशी माणसाची भूक त्याच्या गणवेशावरून जोखू नये, असे आम्हाला मनापासून वाटते.

आता छावणीतल्या कैद्यांचा हा तराजू पाहा. एक काठी, तिच्या मध्यावर बांधलेली दोरी आणि दोन्ही टोकांना लोंबणाऱ्या, पावात खुपसायच्या लाकडी खुंट्या. दिवसाला साधारण 600 ग्रॅम मिळणारा काळा पाव ओलसर आणि जड असे. त्याचे तुकडे असे तोलून, हलक्या भरलेल्या बाजूला चिमूटभर चुरा घालून सारखे केले जात. मग एक जण पाठ फिरवून उभा राही, दुसरा एकेका तुकड्यावर बोट ठेवून ‘हा कोणाचा?’ असे विचारी आणि पाठमोरा माणूस नाव घेई. कडेच्या तुकड्यावर सगळ्यांचा डोळा असे, कारण त्यात ओल कमी आणि तो चघळत बराच वेळ पुरवता येई. कोणी आपला वाटा तिथेच संपवी, कोणी संध्याकाळपर्यंत राखी. तंबाखूपायी पाव देऊन टाकणारे मात्र लवकर खचत.

ठरावीक काळाने वैद्यकीय तपासणी होई. विवस्त्र उभ्या कैद्याच्या नितंबाची कातडी चिमटीत धरून, अंगावर किती मांस उरले आहे ते पाहून, डॉक्टर त्याला जड काम द्यायचे की हलके हे ठरवीत. अगदीच निकामी ठरलेल्यांना सुरुवातीच्या गाड्यांतून घरी धाडले गेले.

हे पोस्टकार्ड अशाच एका छावणीतले. त्यावर मोजकेच शब्द लिहिता येत आणि ठिकाणाच्या जागी केवळ छावणीचा क्रमांक असे.

सप्टेंबर 1955 मध्ये पश्चिम जर्मनीचे चॅन्सेलर कोनराड आडेनाउअर मॉस्कोला गेले आणि उरलेल्या सुमारे 10 हजार युद्धकैद्यांची सुटका झाली. पश्चिम जर्मनीतील फ्रीडलांडच्या स्वागतछावणीत बेपत्ता मुलांची, नवऱ्यांची छायाचित्रे उंच धरून उभ्या असलेल्या, शेवटच्या छायाचित्रातील या स्त्रियांपैकी अनेकींना उत्तर मिळाले नाही; जर्मन रेडक्रॉसची शोधसेवा पुढे कित्येक दशके बेपत्तांचा माग काढत राहिली.