स्वतःची भूमिका स्वतः लिहिताना

मित्रहो, अमेरिकन अभिनेत्री आणि पटकथालेखिका ब्रिट मार्लिंगची ओळख करून देताना बहुतेक जण गोल्डमन सॅक्सपासून सुरुवात करतात. जॉर्जटाउन विद्यापीठात अर्थशास्त्र शिकणारी मुलगी, त्या बँकेत इंटर्नशिप केलेली, आणि तरी सिनेमाकडे वळलेली. हे खरंच आहे. पण मला मोलाचं वाटतं ते त्यापुढचं, लॉस एंजेलिसमधलं. तिथे तिच्यासमोर यायच्या त्या भूमिका भयपटात जीव मुठीत धरून पळणाऱ्या मुलीच्या, नाहीतर नायकाच्या प्रेयसीच्या. त्यात अभिनयाला जागा ती किती? मग तिनं ठरवलं, आपल्याला साकारावीशी वाटेल अशी बाई आधी आपणच कागदावर उतरवायची. कॉलेजातले दोन मित्र सोबत होते, माइक काहिल आणि झाल बॅटमंग्लिज.

2011 च्या सनडान्स या अमेरिकेतल्या चित्रपट महोत्सवात तिचे दोन चित्रपट एकदमच आले. काहिलबरोबर लिहिलेला ‘अनदर अर्थ’ आणि बॅटमंग्लिजबरोबर लिहिलेला ‘साउंड ऑफ माय व्हॉइस’. दोन्हींत प्रमुख भूमिकेत तीच.

‘अनदर अर्थ’पाशी जरा थांबू या. आकाशात दुसरी पृथ्वी दिसू लागते. तिच्याकडे बघत, दारू पिऊन गाडी चालवणारी रोडा एका कुटुंबाच्या गाडीवर आदळते. बायको आणि मुलगा जातात, नवरा वाचतो. तुरुंगातून सुटल्यावर ती माफी मागायला त्याच्या दारात जाते, ऐनवेळी धीर खचतो, आणि साफसफाईचं काम करणारी म्हणून ती त्या घरात शिरते. पैसा अगदी थोडा, चित्रीकरण काहिलच्या न्यू हेवन गावात. म्हणून दुसरी पृथ्वी नुसती आभाळात टांगलेली राहते आणि सगळं नाट्य एका अस्ताव्यस्त घरात, केर काढण्यात, पुसण्यात घडतं. तुटपुंज्या पैशांनी पटकथेला इतकं खोल नेलेलं मी फार क्वचित पाहिलंय. आणि रोडा बोलते किती कमी! आपणच करणार असलेल्या भूमिकेत लांबलचक स्वगतं घालायचा मोह कुणालाही होईल. मार्लिंगनं स्वतःच्या वाट्याला गप्प राहणं लिहिलं.

‘द ईस्ट’ हा चित्रपट 2013 चा, तोही बॅटमंग्लिजबरोबर लिहिलेला. त्याआधी एका उन्हाळ्यात ती आणि बॅटमंग्लिज पैसे न वापरता भटकले होते, दुकानांनी फेकून दिलेलं अन्न खाऊन राहिले होते. तो अनुभव त्या पटकथेत मुरलेला आहे.

पुढे नेटफ्लिक्सवर दोघांची ‘दि ओए’ ही मालिका आली, 2016 मध्ये. पाच सीझनची मांडणी मनात होती, पण 2019 मध्ये दुसऱ्या सीझननंतर ती मालिका बंद केली गेली. मला अजून त्याची हळहळ वाटते. 2020 मध्ये तिनं ‘न्यूयॉर्क टाइम्स’मध्ये लेख लिहिला. ‘कणखर नायिका’ म्हणून मागणी असते ती पुरुषी गुणांचीच, शारीरिक ताकद, सरळ रेषेतली महत्त्वाकांक्षा यांची, असं तिचं म्हणणं. ऐकून घेणारी, हळवी बाई कथेच्या केंद्रस्थानी का नको, हा तिचा प्रश्न. ऑडिशनच्या रांगेत उभ्या राहणाऱ्या इथल्या मुलींनी तो लेख जरूर वाचावा.

2023 च्या ‘अ मर्डर अॅट दि एंड ऑफ द वर्ल्ड’मध्ये नायिका आहे डार्बी हार्ट ही गुन्ह्यांचा छडा लावणारी तरुण, हौशी गुप्तहेर. मालिका मार्लिंग आणि बॅटमंग्लिज यांचीच. काही भागांचं दिग्दर्शनही तिचं. चांगली भूमिका मिळावी म्हणून लिहू लागलेल्या या बाईनं यावेळी डार्बी एमा कॉरिनला दिली आणि स्वतः दुय्यम भूमिका घेतली.