ठसे होते, गेंडा नव्हता

काळ्या गेंड्याचा माग काढायचा तर तीन गोष्टी बघायच्या. पहिली म्हणजे पाऊल. तीन बोटांचा ठसा आणि तळव्यावर बारीक भेगांची जाळी. ही जाळी प्रत्येक गेंड्याची वेगळी असते, त्यामुळे मुरलेला माणूस मातीकडे बघून कोणता गेंडा गेला तेही सांगतो. दुसरी गोष्ट, झुडपाची तुटलेली डहाळी. आपला काझीरंगाचा गेंडा मुख्यतः गवत खातो, हा मात्र झुडपं खाणारा. टोकदार वरच्या ओठाने तो फांदी धरून तोंडात ओढतो आणि दाढांनी तिरकी कापतो, कोयत्याने छाटल्यासारखी. तिसरी गोष्ट त्याची लीद. तिच्यातही त्याच तिरक्या कापलेल्या काटक्या दिसतात.

२००६ साली उत्तर कॅमेरूनमध्ये एका पथकाने अशाच खुणा शोधल्या. ४८ मोहिमा, अडीच हजार किलोमीटरची पायपीट. पश्चिमी काळ्या गेंड्याचा मागमूसही लागला नाही. पुढे २०११ मध्ये आययूसीएन या निसर्गसंवर्धनाच्या जागतिक संघटनेने ही उपप्रजाती नामशेष झाल्याचं जाहीर केलं.

नकाशा बघा. कॅमेरून, चाड, मध्य आफ्रिकी प्रजासत्ताक. सहारा वाळवंटाच्या दक्षिणेचा हा झुडपी माळरानांचा पट्टा एकेकाळी या गेंड्याचा होता. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इथे बेसुमार शिकार झाली. १९३० च्या दशकात संरक्षण मिळालं, तेव्हा संख्या सावरलीही. म्हणजे जनावर चिवट होतं, त्याला फक्त जगू द्यायला हवं होतं.

मग आलं १९७० चं दशक. आखातात तेलाचा पैसा वाहू लागला, येमेनचे लोक तिथे कामाला गेले आणि जांबियाला, म्हणजे कमरेच्या खंजिराला, गेंड्याच्या शिंगाची मूठ घेणं त्यांना परवडू लागलं. पूर्व आशियात औषध म्हणून शिंगाला मागणी होतीच. हे शिंग म्हणजे केराटिन, आपल्या नखांत असतं तेच. १९७७ साली शिंगाच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर बंदी आली, पण चोरटा बाजार चालूच राहिला. १९७० मध्ये सगळ्या आफ्रिकेत मिळून सुमारे ६५ हजार काळे गेंडे होते, १९९५ पर्यंत अडीच हजारही उरले नाहीत.

पश्चिमेकडचा हिशेब त्याहून भीषण. १९८० मध्ये कॅमेरूनमध्ये ११० च्या आसपास आणि चाडमध्ये पंचवीसेक. १९९० च्या दशकाच्या अखेरीस कॅमेरूनमध्ये जेमतेम दहा.

आणि हे दहा एकत्र नव्हते, हे मला सगळ्यात जास्त लागतं. एवढ्या मोठ्या प्रदेशात ते विखुरलेले होते, कित्येक तर अगदी एकटे. काळ्या गेंड्याची मादी साधारण पंधरा महिने पिल्लू पोटात वागवते आणि दोन पिल्लांमध्ये किमान दोन-तीन वर्षांचं अंतर असतं. अशा जनावराला जोडीदारच भेटला नाही, तर बंदूक न चालताही वंश थांबतो. त्यांना एका सुरक्षित जागी आणायच्या योजनांवर चर्चा झाल्या. खर्च किती, धोका किती, उरलेत तरी किती, यातच वर्षं गेली.

२००४ साली सुमारे तीस गेंडे असल्याचा दावा झाला. तपासल्यावर कळलं की माहिती बनावट होती, माग काढणाऱ्यांनी पावलांचे ठसे खोटे दाखवले होते. गेंडा संपला की कामही संपणार, ही भीती त्यांना होती. त्या माणसांची ओढग्रस्ती मी समजू शकतो. पण जे जनावर वाचवायला पैसा आणि माणसं कायम कमी पडली, त्याच्या शेवटच्या वर्षांतली मेहनत अशी बोगस खुणांमागे जावी, याची चीड येते.

काळे गेंडे अजून आहेत. सगळ्या आफ्रिकेत मिळून सहा हजारांवर, त्यातले बहुतेक नामिबिया, केनिया आणि दक्षिण आफ्रिकेत. गेंड्यांच्या मागे चोवीस तास सशस्त्र पहारा ठेवून, काही गेंडे नव्या जागी हलवून ही संख्या वर आणली गेली. कॅमेरूनला नेमकं हेच मिळालं नाही.

२०१८ मध्ये दक्षिण आफ्रिकेतून सहा काळे गेंडे विमानाने चाडच्या झाकुमा राष्ट्रीय उद्यानात आणले. नवं रान, नवा चारा त्यांना मानवला नाही. काही महिन्यांतच चार दगावले, उरल्या दोन माद्या. २०२३ च्या डिसेंबरात त्यांच्या सोबतीला आणखी पाच गेंडे आले. हे दक्षिणेकडच्या उपप्रजातीचे, पश्चिमी वंशाचे नव्हेत.